एक जूनची माणसं

एक जूनला जन्मलेल्या माणसांचं मोठं आतडं इतरांपेक्षा दोन वर्षं आधी म्हातारं होतं, असा शोध २०३७ साली पुण्यातल्या सौमित्र लेले नावाच्या तरुणाने लावला. मुलगा हुशार होता. संख्याशास्त्रात त्याचा हात धरणारं कोणी नव्हतं, आणि त्याच्या गणितात तसूभरही चूक नव्हती. पंचाईत एवढीच होती, की त्याने आयुष्यात ज्यांचे ज्यांचे वाढदिवस पाहिले होते, ती सगळी माणसं दवाखान्यात जन्मलेली होती.

लातूरच्या कर्करोग तपासणी केंद्रात पडद्यावर त्याचं भाषण चाललं होतं आणि मागच्या खुर्चीवर मीनाक्षी बिराजदार तोंडाला रुमाल लावून बसली होती. तिला हसू आवरेना. उन्हाळ्यातली गर्भावस्था, खरिपाच्या तोंडावरची बाळंतपणं, आईच्या आहारातला कस, असं एकेक कारण सौमित्र मोठ्या तळमळीने मांडत होता, आणि ही बाई डोळे पुसत होती.

ती का हसत होती ते कळायला आधी हे केंद्र ज्या कार्यक्रमाचं होतं तो समजून घ्यायला हवा. मोठ्या आतड्याचा कर्करोग हा तसा सवड देणारा रोग आहे. आतल्या अस्तरावर आधी मांसाचा एक छोटा कोंब उगवतो. त्याला पॉलिप म्हणतात. त्याचा कर्करोग व्हायला बहुधा दहाएक वर्षं जातात, आणि तेवढ्या काळात दुर्बीण घालून तो कोंब खुडला तर प्रकरण तिथेच मिटतं. म्हणजे खरा प्रश्न औषधाचा नाही, वेळेचा आहे. ज्याला काही दुखत नाही, खुपत नाही, जो दोन भाकरी जास्तच खातो, अशा माणसाला तपासायला सुरुवात करायची ती कोणत्या वर्षी? पूर्वी पन्नास म्हणत, मग पंचेचाळीस म्हणू लागले, आणि घरात कोणाला झालेला असला तर त्याहून आधी. पण पंचेचाळीशीच्या प्रत्येकाला बोलवायचं म्हटलं तर दुर्बिणी पुरत नव्हत्या, आणि एखाद्याचं आतडं चाळिशीतच घाई करत असलं तर ते कळायलाही मार्ग नव्हता.

मग आतड्याचं घड्याळ सापडलं. आतड्याच्या अस्तरात लाखो बारीक खड्डे असतात. प्रत्येक खड्ड्याच्या तळाशी थोड्या मूळपेशी बसलेल्या असतात आणि त्या सतत नव्या पेशी घडवत राहतात. जुन्या पेशी चार-पाच दिवसांत गळून मलाबरोबर निघून जातात. या मूळपेशींच्या जनुकांत दर वर्षी चाळीस-पंचेचाळीस बारीक चुका साचतात, आणि त्यांची गती बहुतेकांत सारखीच असते. मलाचा शेंगदाण्याएवढा नमुना घ्यायचा, त्यातल्या गळालेल्या पेशी वाचायच्या, चुका मोजायच्या, की त्या आतड्याने किती वर्षं काढली आहेत ते समजतं. ज्याचं आतडं कागदावरच्या वयापेक्षा तीन किंवा अधिक वर्षं पुढे गेलेलं दिसेल त्याला ताबडतोब दुर्बिणीला बोलवायचं, बाकीच्यांनी पंचेचाळीसपर्यंत निवांत राहायचं. कार्यक्रमाचं नाव होतं ‘आरंभ’, आणि मीनाक्षीचं काम होतं आलेल्या नमुन्यांच्या नावा-तारखांची पडताळणी.

तीन आठवड्यांपूर्वी त्या कार्यक्रमाचं पत्र तिच्याच घरी आलं होतं. तिच्या नवऱ्याचं, बसवराजचं, कागदावर वय बेचाळीस आणि आतड्याचं शेहेचाळीस. चार वर्षांचा फरक. बसवराजचं औसा रोडला पाण्याच्या मोटारी भरून देण्याचं दुकान होतं. जळालेली मोटार उघडायची, तांब्याची जुनी तार उपसायची, नवी गुंडाळायची, हे काम तो वीस वर्षं करत होता आणि त्याला कधी साधी सर्दी झालेली कोणाला आठवत नव्हती.

“मला काय होतंय गं?” पत्र वाचून तो म्हणाला होता. “दिवसभर जुलाबाचं औषध प्यायचं, अन् मग मागून कॅमेरा. लई भारी कार्यक्रम काढलाय तुमच्या सरकारनं.”

तो हसण्यावारी नेत होता, पण तेव्हापासून मीनाक्षीला अन्न गोड लागत नव्हतं. त्र्याऐंशी वर्षांच्या सासऱ्यांना उगाच घोर नको म्हणून दोघांनी ही गोष्ट त्यांच्या कानावर घातली नव्हती. आणि आज सौमित्रचं भाषण ऐकता ऐकता तिच्या डोक्यात उजेड पडला. बसवराजची जन्मतारीखही एक जूनच होती.

भाषण संपल्यावर तिने हात वर केला. “सर, एक विचारू? पुण्यात एक जूनला किती लोक जन्मतात?”

“इतर कुठल्याही दिवसाएवढेच, जवळपास,” सौमित्र म्हणाला.

“आणि आमच्या जिल्ह्यात?”

त्याने खाली पाहिलं, आकडे चाळले. “पंधरापट. तेही मला जरा विचित्र वाटलं होतं.”

“विचित्र काही नाही सर. ती तारीख आईनं दिलेली नाही, गुरुजींनी दिलेली आहे. बाळंतपणं घरी व्हायची, तारीख कोण लिहून ठेवतंय? पोर शाळेत आणून सोडलं की मास्तर विचारायचे, कधीचा? बाप म्हणायचा, तुम्हीच बघा. शाळा जूनमध्ये उघडायची, म्हणून लिहायचे एक जून. पोर असायचं आठ वर्षांचं, लिहायचे सहा. माणसाचं आतडं म्हातारं झालेलं नाही सर, कागद तरुण आहे.”

पडद्यावर सौमित्र मनापासून हसला. पोरगं खिलाडू होतं. “मीनाक्षीताई, माझा सहा महिन्यांचा निबंध तुम्ही दोन मिनिटांत बुडवलात,” तो म्हणाला.

त्या संध्याकाळी जेवताना तिने सासऱ्यांना मुद्दाम छेडलं. वीरभद्र बिराजदार हे स्वतः एक गुरुजी. तीस वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळांत गेलेली. “मामा, तुम्ही किती जणांना एक जूनचं केलंत हो?”

“केलं असेल पुष्कळांना,” ते ताटात बघत म्हणाले. “लोक शेतातून तसेच यायचे. पोराचा हात माझ्या हातात द्यायचे अन् म्हणायचे, लिवा गुरुजी तुमच्या मनानं.”

“आणि स्वतःच्या पोरालाही सोडलं नाही,” बसवराज भाकरी मोडत म्हणाला. “अख्ख्या वर्गाचा वाढदिवस एका दिवशी. वर्गात कोणी कोणाला चॉकलेट द्यायचं तेच कळायचं नाही.”

गुरुजींनी ताटावरून उठून हात धुतले. मीनाक्षीला वाटलं, म्हाताऱ्याला मस्करी लागली.

पुढचं सगळं झपाट्याने झालं. एक जून ही जन्मतारीख असलेल्या प्रत्येकाच्या फरकातून दोन वर्षं वजा करायची, असं ठरलं. कार्यालयात तिला ‘गुरुजी-वजावट’ असं नाव पडलं. राज्यभरातली एकतीस हजार माणसं तातडीच्या यादीतून बाहेर पडली आणि दुर्बिणी ज्यांना खरंच हव्या त्यांच्यासाठी मोकळ्या झाल्या. मीनाक्षीला शाल-श्रीफळ मिळालं, पेपरात फोटो आला. लातूरच्या यादीवरची अखेरची मंजुरी तिचीच होती. बसवराजचा चार वर्षांचा फरक दोनवर आला आणि त्याच्या नावावर तिने स्वतः, अगदी हलक्या मनाने, फुली मारली.

पण मीनाक्षीची एक खोड होती. एखादं कोडं सुटलं तरी ती ते पुन्हा उलगडून बघायची. जुन्या शाळांची प्रवेशपुस्तकं आता संगणकावर आली होती, आणि दुपारी काम कमी असलं की ती कोणत्या गुरुजींची वजावट किती, हे गंमत म्हणून तपासत बसायची. काही गुरुजी सरसकट तीन वर्षं कापत होते, काही एक. निलंग्याकडच्या एका गुरुजींना फक्त सोमवार आवडत असावा, कारण त्यांच्या शाळेत इतर वारी कोणी जन्मलंच नव्हतं.

मग तिने सासऱ्यांचं नाव घातलं आणि ती चकित झाली. वीरभद्र गुरुजींच्या हातच्या तारखा वर्षभर पसरलेल्या होत्या. पौषातल्या, भाद्रपदातल्या, सुगीतल्या. आणि ज्या ज्या माणसांचे नमुने आले होते, त्यांचं आतड्याचं घड्याळ गुरुजींच्या तारखेशी चार-सहा महिन्यांच्या फरकाने जुळत होतं. अख्ख्या जिल्ह्यात इतकी नेमकी नोंद दुसऱ्या कुणाची नव्हती. २००० साली त्यांची बदली करंजसांगवीला झाली, आणि तिथे २००१च्या जूनमध्ये पहिलीत आलेल्या बावीस मुलांपैकी अठरा मुलं एक जूनची. पुढच्या दोन वर्षांतही तेच. त्यानंतर तारखा परत आपापल्या जागी.

इतका काटेकोर माणूस तीनच वर्षं आळशी कसा होईल, हे तिला काही केल्या उमगेना. पुढच्या रविवारी बसवराज दुकानात गेला तेव्हा ती संगणक घेऊनच सासऱ्यांच्या खोलीत गेली.

“मामा, एक विचारायचंय. रागावू नका.”

“मास्तरची सून तू. विचार की.”

तिने त्यांना आलेख दाखवला, समजावून सांगितला. त्यांचा चेहरा खुलला. “बरोबर येणारच,” ते म्हणाले. “बाईला कधी विचारायचं नाही, की मूल कधी झालं. ती काहीही सांगते. विचारायचं, बाळंतपणात भाकरी नव्या ज्वारीची खाल्लीस का जुन्या? अंगावर पांघरूण किती होतं? तेव्हा शेजारणीचं कोण पाळण्यात होतं? चार बायांना असं विचारलं की महिना सापडतो. मी एकेका पोराला एकेक दुपार घालवायचो.”

“मग करंजसांगवीत काय झालं?”

चष्मा काढून त्यांनी धोतराच्या सोग्याला पुसला आणि परत घातलाच नाही.

“त्या वर्षी बसू शाळेत आला,” ते म्हणाले.

“हां, म्हणजे त्यांचीही तुम्ही अंदाजे—”

“त्याची अंदाजे नाही. त्याचीच तेवढी खरी आहे.”

मीनाक्षीला आधी अर्थच लागेना. गुरुजी भिंतीकडे बघत बोलत राहिले. पंच्याण्णव सालचा एक जून. पहिलटकरीण, घरातच बाळंत झाली, रक्त थांबेना. गावात एकच जीप, ती लग्नाचं वऱ्हाड घेऊन गेलेली. जीप येईपर्यंत सगळं संपलं होतं.

“पण सासूबाई तापानं गेल्या ना? हे वर्षाचे असताना?”

“तसं आम्ही सांगितलं. मी अन् माझ्या बहिणीनं. आधीच्या गावात लोक त्याला काय म्हणायचे ठाऊक आहे? आईला गिळून आलेला. पाच वर्षांचं लेकरू, एका घरी हळदीकुंकवाला आत्याबरोबर गेलं तर त्याला उंबऱ्याबाहेर उभं केलं. मी बदली मागून घेतली. करंजसांगवीत कोणालाच काही माहीत नव्हतं. पण तिचं पुण्यस्मरण दर वर्षी एक जूनला करायचो आम्ही. दाखल्यावर त्याची तारीख तीच लागली, तर पोरगं उद्या मोठं झाल्यावर समजून चुकणारच. अन् दुसरी लिहायला हात धजेना. सगळ्यांच्या पोरांच्या तारखा शोधून काढणारा मी, माझ्या पोराची खोटी लिहू?”

“मग?”

“मग सगळ्या वर्गालाच तीच लिहिली. चौघांकडे दवाखान्याचा दाखला होता, ते सोडून. पुढच्या दोन वर्षांच्या पोरांनाही. मास्तरनं आळस केला असं लोक म्हणाले, म्हणू दे. अठरा पोरांच्या घोळक्यात एक पोरगं कुठं दिसतंय?”

सोळा वर्षं मीनाक्षी या घरात होती. दर एक जूनला सासूच्या फोटोला हार घालत होती, आणि त्याच तारखेवरून नवऱ्याची थट्टाही करत होती. दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध असेल असं तिला कधी वाटलंच नाही. एक जूनची तारीख खरीही असू शकते, हे तिच्या डोक्यातच आलं नव्हतं. बसवराजच्या कागदातून वजा करण्यासारखं काहीच नव्हतं. त्याचं आतडं खरोखर चार वर्षं पुढे गेलेलं होतं आणि तिने त्याचं नाव कापून टाकलं होतं.

तिने सासऱ्यांना पत्राची सगळी हकिगत सांगितली.

“त्याला ने तू. उद्याच ने,” ते म्हणाले. “मशीनची चूक झाली म्हणावं, नाहीतर दुसरं काहीतरी सांग.”

तसं करणं तिला जड नव्हतं. पण तिचं मन तिथे थांबेना. एकतीस हजारांत बसवराज एकटाच खरा कसा असेल? तीनशे पासष्ट दिवसांत एक जूनही येतोच. निव्वळ योगायोग धरला तरी ऐंशी-पंच्याऐंशी माणसं अशी असणार, ज्यांचं आतडं घाई करतंय आणि ज्यांना तिने घरी बसवलंय. त्यांना शोधायचं तर उघड विचारावं लागणार, आणि स्वतःच्या घरात हे झाकून ठेवून ती परक्यांना कोणत्या तोंडाने विचारणार होती?

“मामा, मी खोटं नाही सांगणार,” ती म्हणाली. “तुम्ही सांगा, नाहीतर मला सांगू द्या.”

“माझ्यानं व्हायचं नाही ते.”

“बरं, मग मी सांगते.”

ती दारापर्यंत गेली तेव्हा मागून आवाज आला, “थांब. चपला दे माझ्या.”

दुकानात बसवराज एका मोटारीत तार भरत होता. वेढे मोजत तोंडाने पुटपुटत होता. वडिलांना भर उन्हात आलेलं बघून त्याने मानेनेच स्टूल दाखवलं. गुरुजी बसले नाहीत. उभ्या उभ्या, वर्गात सांगावं तसं त्यांनी सगळं सांगून टाकलं, जीपसकट. त्याला गावात काय म्हणायचे ते मात्र त्यांनी गाळलं, आणि मीनाक्षीनेही ते पुरवलं नाही.

बसवराजचे हात चालूच होते. बऱ्याच वेळाने त्याच्या लक्षात आलं की मोजणी चुकली आहे. त्याने भरलेली सगळी तार उपसून काढली आणि पहिल्यापासून सुरुवात केली. बापाकडे त्याने बघितलं नाही.

“कधी जायचं?” त्याने मीनाक्षीला विचारलं.

त्याच दुपारी तिने पुण्याला फोन लावला. सौमित्रने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. “म्हणजे एक जूनला कोणी खरोखर जन्मत असेल हे आपण दोघंही विसरलो,” तो म्हणाला. “पण ताई, एकतीस हजारांना परत बोलवायचं तर दुर्बिणी कुठून आणू?”

“बोलवू नका. आधी विचारा. तारीख खरी, की शाळेची? घरातल्या जुन्या माणसाला विचारा. आणि कसं विचारायचं ते मी लिहून पाठवते.” ज्वारी, पांघरूण आणि शेजारणीचं बाळ, असे तीन प्रश्न तिने गुरुजींकडून नीट लिहून घेतले आणि पाठवले. राज्यभरातल्या आशाताईंनी आठवडाभर फोन केले. कोणी शिव्या दिल्या, कोणी तासभर माहेरच्या गोष्टी सांगितल्या. शेवटी चौऱ्याण्णव माणसं खरी निघाली, आणि वजावटीच्या नियमावर मीनाक्षीने स्वतःच्या सहीने दुरुस्ती लिहिली. शाल कपाटात मागे सरकवून ठेवली.

हे फोन चालू असतानाच, गुरुवारी सकाळी बसवराजची तपासणी झाली. बाहेरच्या बाकावर सून आणि सासरे शेजारी शेजारी बसले होते. गुरुजी दोनदा उठून पाणी पिऊन आले. तास होत आला तेव्हा डॉक्टर निलोफर सय्यद बाहेर आल्या.

“एक पॉलिप होता. चांगला दीड सेंटिमीटरचा,” त्या म्हणाल्या. “मुळापासून काढलाय. तपासायला पाठवते, पण दिसायला तरी अजून कर्करोग झालेला नाही. त्या वाटेला मात्र लागला होता.” मग त्यांनी हातातला कागद बघितला. “हे पंचेचाळीसपर्यंत थांबले असते ना ताई, तर मी तुमच्याशी इतक्या निवांतपणे बोलत नसते.”

मीनाक्षी रडली, आणि आपण रडतोय याची तिला लाज वाटली नाही. गुरुजींनी तिच्या पाठीवर हात ठेवला. एवढ्या वर्षांत त्यांनी असं पहिल्यांदाच केलं होतं.

आत बसवराज कुशीवर पडला होता. गुंगी पुरती उतरली नव्हती. गुरुजी खाटेजवळ जाऊन उभे राहिले. दुकानातल्या त्या दिवसानंतर बापलेक एकमेकांशी कामापुरतंच बोलले होते.

“अप्पा,” बसवराज डोळे न उघडता म्हणाला.

“काय रे?”

“तिनं मला बघितलं होतं का?”

गुरुजी खाली वाकले. त्याला नीट ऐकू जावं म्हणून तोंड त्याच्या कानाशी नेलं.

“बघितलं की. साडेसहाला झालास तू, अन् सव्वासातपर्यंत होती ती. पाऊण तास तुलाच बघत होती. मला म्हणाली, कान तुमच्यावर गेलेत.”

बसवराजने हात वर नेऊन आपला कान चाचपून बघितला.